आठ तासांची पाळी

परफॉर्मन्स आर्टमध्ये, म्हणजे स्वतःचं शरीरच माध्यम करून लोकांसमोर केल्या जाणाऱ्या कलेत, यायचं म्हणणारी मुलं भेटली की पहिला प्रश्न जागेचा असतो. कुठली गॅलरी घेईल? मी सांगते, वाट बघत बसू नका. दादरच्या छबिलदास शाळेच्या सभागृहात १९७४ पासून प्रायोगिक नाटक बहरलं, तोही शाळेचाच हॉल होता. आपलं तर त्याहून कमी जागेत भागतं: मैत्रिणीची रिकामी खोली, बंद पडलेला गाळा, चाळीचा व्हरांडा. तिकीट नाही, जाहिरात नाही, वीस-तीस जणांना फोन. याला लोक अंडरग्राउंड म्हणतात.

पण ज्यांच्यात जाऊन आपण हे करतो, त्यांना सांगायलाच हवं. माझा दुसरा प्रयोग तिसऱ्या तासाला बंद पडला, कारण मी खोलीच्या मालकाला विचारलं होतं, शेजाऱ्यांना नाही. एक बाई न बोलता भिंतीकडे तोंड करून उभी आहे, हे बघून त्यांचा जीव घाबरा झाला. त्यांचं काहीच चुकलं नाही. आता आदल्या दिवशी मजल्यावरच्या प्रत्येक दारात जाते आणि काय करणार ते सांगते. ‘कला’ हा शब्द न वापरता सांगता आलं नाही, तर मलाच ते अजून कळलेलं नाही असं धरून चालते.

शरीराची तयारी महिनाभर आधीपासून. गुडघे ताठ धरून उभं राहू नका, भोवळ येते. आणि प्रयोग थांबवण्याचा हक्क सोबतच्या एका माणसाला द्या, कारण आपण स्वतः थांबत नाही. परफॉर्मन्स कलाकार मरिना अब्रामोविचने १९७४ साली नेपल्समध्ये ७२ वस्तू मांडून सहा तास स्वतःला प्रेक्षकांच्या हवाली केलं, तेव्हा गोष्ट भरलेलं पिस्तूल तिच्यावर रोखण्यापर्यंत गेली.

पैसा यातून येत नाही, हे घरी आधीच सांगून टाका. मी दिवसा मालिकांची सबटायटल्स करते.

फोटो मात्र काढून ठेवा. परफॉर्मन्स कलाकार रुम्माना हुसेन यांनी १९९५ मध्ये मुंबईच्या एनसीपीए या कलाकेंद्रात केलेला प्रयोग मी पाहिलेला नाही, आणि १९९९ मध्ये त्या गेल्याच. माझ्यापर्यंत त्या पोचल्या त्या छायाचित्रांतून.

माझे आजोबा गिरणीत साचाखात्यात, म्हणजे मागांवर होते, १९८२ च्या संपात घरी बसले ते कायमचेच. त्यांच्यासाठी मी लालबागच्या एका चाळीच्या व्हरांड्यात एक पाळी उभी राहिले: सकाळी सात ते दुपारी तीन, कच्चं सूत तोडायचं आणि गाठ मारून पुन्हा जोडायचं. दहाच्या सुमारास शेजारच्या खोलीतले आबा खुर्ची घेऊन आले. बराच वेळ माझ्या बोटांकडे बघत राहिले. मग उठले आणि माझ्या हातातलं सूत काढून घेतलं.

“गाठ नको मारू पोरी. पीळ दे.”

दोन्ही टोकं त्यांनी नखाने उकलली, एकावर एक ठेवली, चिमटीत फिरवली. जोड कुठे आहे ते मला दिसेना. त्यांनी सूत परत दिलं आणि खुर्चीत जाऊन बसले. तीन वाजेपर्यंत मी पीळ देत राहिले.