समोरचा बोलत असताना: ली जे. कॉबच्या कामाचा अभ्यास कसा करावा

राज्य नाट्य स्पर्धेच्या प्राथमिक फेरीत नाशिकच्या रंगमंचावर पंचवीस-तिशीतली मुलं बाप, सासरे, आजोबा उभे करतात. बऱ्याचदा सगळ्यांचा म्हातारा एकाच साच्यातून निघतो: केसांना पांढरा रंग, कमरेत वाक, थरथरता हात आणि घोगरा आवाज. यावर उतारा म्हणून ली जे. कॉब या अमेरिकन चरित्र अभिनेत्याचं काम बारकाईने पाहावं. दोन दिवस पुरतात. सहा ते आठ जण, एक वही आणि बऱ्यापैकी मोठा टीव्ही लागतो. मोबाइलवर हा अभ्यास होत नाही, कारण जे पाहायचं ते चौकटीच्या कडेला घडत असतं.

आधी वहीच्या एका पानावर तीन रकाने पाडा: साल, कॉबचं वय, पात्र. कॉबचा जन्म न्यूयॉर्कचा, 8 डिसेंबर 1911. 1939 च्या 'गोल्डन बॉय'मध्ये तो विल्यम होल्डनचा बाप झाला. तेव्हा कॉब 27 वर्षांचा होता आणि पडद्यावरचा 'मुलगा' 21 चा. फेब्रुवारी 1949 मध्ये ब्रॉडवेवर आर्थर मिलरच्या 'डेथ ऑफ अ सेल्समन'चा पहिला प्रयोग झाला. त्यातला 63 वर्षांचा बाप, फिरता विक्रेता विली लोमन, त्याने 37 व्या वर्षी केला. 1957 च्या 'ट्वेल्व्ह अँग्री मेन'मध्ये तो 45 चा आहे, बावीस वर्षांच्या मुलाशी बिनसलेला बाप. म्हणजे बापाच्या भूमिका त्याला वय झालं म्हणून मिळालेल्या नाहीत, त्या तो ऐन तारुण्यापासून करत होता.

इथे एक चूक हमखास होते. विली लोमन म्हणून कॉबचं जे चित्रीकरण बघायला मिळतं ते 1966 चं, टीव्हीसाठी केलेलं. त्यात तो 54 वर्षांचा आहे. 1951 च्या चित्रपटात ती भूमिका फ्रेड्रिक मार्चकडे गेली होती. त्यामुळे 'तरुण नट म्हातारा कसा होतो' याचा पुरावा म्हणून 1966 चं चित्रीकरण दाखवू नका. त्यासाठी 'गोल्डन बॉय' लावा आणि कॉबच्या रंगभूषेकडे न बघता फक्त तो बसतो-उठतो कसा, तेवढंच बघा.

त्याच पानावर 1953 ची नोंदही हवी. अमेरिकन संसदेच्या चौकशी समितीपुढे त्याने साक्ष दिली आणि कम्युनिस्ट म्हणून सहकाऱ्यांची नावं घेतली. पुढच्याच वर्षी 'ऑन द वॉटरफ्रंट'मध्ये तो गोदीतला दादा झाला, ज्याच्या विरोधात नायक साक्ष देतो. दिग्दर्शक इलिया कझान, त्यानेही आधी साक्ष दिलेली. या भूमिकेसाठी कॉबला सहाय्यक अभिनेत्याचं ऑस्कर नामांकन मिळालं. हे गाळून त्याचं चरित्र सांगणं अप्रामाणिकपणाचं होईल.

आता मुख्य काम. 'ट्वेल्व्ह अँग्री मेन' 96 मिनिटांचा आहे. पहिल्यांदा वही मिटून सलग पाहा. एका मुलावर बापाच्या खुनाचा आरोप आहे आणि बारा ज्यूरर, म्हणजे निकाल देणारे साधे नागरिक, तो दोषी आहे का ते एका खोलीत बसून ठरवतात. कॉब तीन नंबरचा ज्यूरर आहे. दुसऱ्यांदा तीनच तुकडे निवडा: सुरुवातीला खिशातलं पाकीट काढून तो मुलाचा फोटो दाखवतो तो, चाकूचा वार कसा झाला ते करून दाखवतो तो, आणि शेवट. प्रत्येक तुकडा तीनदा चालवा. एकदा आवाजासह, एकदा आवाज पूर्ण बंद करून, एकदा पडद्याकडे पाठ करून फक्त ऐकत. खालची उपशीर्षकं बंदच ठेवा, नाहीतर डोळे तिथेच खिळतात आणि नट निसटतो. वहीत चार रकाने: वेळ, कोण बोलतंय, कॉब काय करतोय, का करतोय. कॉबची स्वतःची वाक्यं उतरवायची नाहीत. नवखे लोक नेमकी तीच लिहितात आणि दुसऱ्या दिवशी तालमीत ओरडायला लागतात. या माणसाचा आवाज फुटतो तो आधी बराच वेळ त्याने बाकीच्यांचं ऐकून घेतल्यामुळे, आणि ते ऐकणं शिकायचं आहे.

चाकूचा तुकडा हळू चालवा. आरोपी मुलगा बुटका, म्हणून कॉब 'आता मी सहा-सात इंच बुटका' असं सांगत गुडघ्यांत वाकतो आणि हात वर उचलतो. खोलीतले बाकीचे दचकतात, कारण समोर हेन्री फोंडा, म्हणजे आरोपीच्या बाजूने बोलणारा ज्यूरर, उभा आहे आणि कॉबला त्याचा राग आहे. प्रात्यक्षिक आणि राग एकाच हातात. हा प्रसंग आपल्या तालमीत करताना चाकूऐवजी फूटपट्टी घ्या.

एक सावधगिरी. दिग्दर्शक सिडनी ल्युमेटने चित्रपट पुढे सरकतो तशी भिंगं लांब पल्ल्याची वापरली आणि कॅमेरा खाली आणला, म्हणून खोली आवळत गेल्यासारखी वाटते आणि चेहरे मोठे होतात. सायखेडकर नाट्यगृहाच्या मागच्या रांगेला जबड्याची हालचाल दिसणार नाही. चेहऱ्यावर टिपलेली प्रत्येक गोष्ट खांद्यात किंवा हातात उतरवावी लागेल. पंकज कपूरने हीच भूमिका हिंदीत, 'एक रुका हुआ फैसला'मध्ये केली आहे. ती पाहाच, पण वही भरून झाल्यावर. आधी पाहिली तर दोघांचं मिश्रण होतं.

दुसऱ्या दिवशी बाहेर पडा. 1949 च्या 'थीव्ह्ज हायवे'मध्ये कॉब सॅन फ्रान्सिस्कोच्या फळबाजारातला फिग्लिया आहे, ट्रकवाल्यांची सफरचंदं लाटणारा व्यापारी. हा चित्रपट नाशिकच्या माणसाला समजावून सांगावा लागत नाही. पिंपळगाव किंवा लासलगावच्या बाजार समितीत लिलावाच्या वेळी अर्धा तास उभे राहा आणि बोली बोलणाऱ्याकडे न बघता गाडीशेजारी उभ्या शेतकऱ्याचे हात बघा. मग रामकुंडावर या. पायरीवर बसणारं एखादं वयस्क माणूस निवडून मनात सेकंद मोजा. हात आधी पायरी शोधतो, मग शरीर वळतं, आणि टेकल्यावर एक श्वास सुटतो. तालमीत तेवढेच सेकंद घ्या, कमरेत वाकायची गरज उरत नाही. फोटो किंवा व्हिडिओ काढू नका.

शेवटच्या तुकड्याची तालीम वस्तूसकट करा. कॉब पाकीट टेबलावर आपटतो, मुलाचा फोटो बाहेर दिसतो, तो फाडतो, आणि फाडल्यावर कोसळतो. हा क्रम बदलला की प्रसंग पडतो: आधी रडून मग फाडलं तर प्रेक्षकाला नट दिसतो, बाप दिसत नाही. स्टुडिओतल्या चकचकीत कागदावरचा फोटो ऐनवेळी फाटत नाही, नुसता दुमडतो. साध्या पातळ कागदावर छापून घ्या, वरच्या कडेला दोन-तीन मिलिमीटर कात्रीची चीर द्या, आणि पाकिटापेक्षा थोडा मोठा ठेवा म्हणजे मागच्या रांगेलाही दिसेल. दर तालमीला एक फोटो जातो, प्रयोगाच्या दिवशी विंगेत दोन जादा ठेवा.