प्रॉडक्शन डिझायनर व्हायचंय? या चुका टाळा

चित्रकला, आर्किटेक्चर किंवा इंटिरिअर डिझाइन शिकून चित्रपटाचं दृश्यरूप आखण्याच्या या कामात येणाऱ्यांचा हात चांगला असतो आणि नजरही तयार असते. पहिली चूक त्या नजरेमुळेच होते. खोली स्वतःला कशी दिसते एवढंच ते बघतात. पण सेट बघणार असते लेन्स.

24 मिमीची लेन्स लावली की चिंचोळी खोली ऐसपैस वाटते. 85 मिमीची लावली की पात्रामागे भिंतीचा जेमतेम एक तुकडा उरतो, आणि तुम्ही आठवडाभर खपून सजवलेलं कपाट म्हणजे नुसता धूसर डाग. 2.39:1 या आडव्या चौकटीत उंच छत बहुतेकदा कापलंच जातं. त्यामुळे छायाचित्रकाराशी बोलण्याआधी भिंती उभ्या करायला घेऊ नका. कॅमेरा कुठे असेल, कोणती भिंत सरकवता यायला हवी, खोलीतले दिवे खरा उजेड देणार की फक्त शोभेचे, हे आधी विचारा. ‘डॉ. स्ट्रेंजलव्ह’ (1964) या चित्रपटात प्रॉडक्शन डिझायनर केन अ‍ॅडम यांनी वॉर रूमच्या गोल टेबलावर दिव्यांचं मोठं कडं टांगलं. टेबलाभोवतीच्या चेहऱ्यांवर उजेड पडतो तो त्याच कड्याचा. सेट आणि प्रकाश वेगळे काढताच येत नाहीत.

दुसरी चूक म्हणजे पटकथा एकदा वाचून थेट स्केचला बसणं. ‘प्रॉडक्शन डिझायनर’ ही उपाधी 1939 च्या ‘गॉन विथ द विंड’साठी विल्यम कॅमेरॉन मेन्झीस यांना मिळाली, कारण त्यांनी एखाददुसरा सेट नव्हे तर सगळ्या चित्रपटाचं दृश्यरूप आखलं होतं. तुम्हालाही तेच करायचंय. प्रसंगवार तक्ता करा: जागा, कथेतला दिवस, वेळ, लागणाऱ्या वस्तू, काय मोडतं, काय सांडतं. तक्ता कंटाळवाणा असतो हे मान्य. पण नायिका फुलदाणी आपटते हे चित्रीकरणाच्या सकाळी कळलं आणि फुलदाणी एकच असली, तर दुसरा टेक विसरा. फुटणाऱ्या, जळणाऱ्या, खाल्ल्या जाणाऱ्या प्रत्येक वस्तूच्या जादा प्रती ठेवाच.

सेट नवाकोरा दिसणं ही सर्वांत जास्त वेळा होणारी चूक. त्यावर सगळीकडे सारखा मळ फासणं हा उपाय तर त्याहून वाईट. मळ माणसाच्या सवयीने चढतो: स्विचभोवती बोटांचे डाग, खुर्चीच्या पाठीने भिंतीवर पडलेली रेघ, उशीला टेकून टेकून पलंगामागे उमटलेला तेलकट पट्टा. घरातला माणूस डावखुरा असेल, तर हे डागही डावीकडे सरकतील. रंगाऱ्याला ‘जुनं कर’ म्हणू नका. इथे कोण राहतं आणि किती वर्षांपासून, ते सांगा.

ऐन चित्रीकरणात अडलं तर:

– तसबिरीच्या काचेत दिवे दिसतायत? फ्रेमच्या वरच्या कडेमागे छोटी पाचर घालून ती जराशी पुढे झुकवा.
– पांढरी चादर डोळ्यांत खुपतेय? चहाच्या पाण्यात बुडवून वाळवा. मात्र हे आदल्या दिवशी सुचायला हवं.
– खिडकीच्या पडद्यावरच्या बारीक रेघा मॉनिटरवर थरथरतायत? कापड बदला, पर्याय नसेल तर कॅमेऱ्याचं अंतर किंवा फोकस बदलून पाहा. कापडाची कॅमेरा टेस्ट आधीच केली असती, तर ही वेळ आली नसती.
– भिंतीवर कुणाचं तरी खरं चित्र किंवा पोस्टर आहे? लेखी परवानगी नसेल तर उतरवा.

बजेटला मान डोलावून मोकळं होणं ही नवख्यांची खास खोड. काम हातचं जाईल या भीतीने अशक्य आकडाही मान्य केला जातो. ‘नाही जमणार’ असं म्हणण्यापेक्षा दोन पर्याय समोर ठेवा: एवढ्या पैशांत तीन भिंती होतील, चौथी हवी असेल तर अमुक सेट लोकेशनवर हलवू. दिग्दर्शकाला निवड करायला आवडतं.

राहता राहिला पोर्टफोलिओ. नुसती चकचकीत संगणकीय चित्रं त्यात भरू नका. एकाच जागेचं स्केच, मापांचा आराखडा, उभा राहिलेला सेट आणि शेवटी चित्रपटातली चौकट, असे चार टप्पे शेजारी शेजारी लावा. आणि प्रत्येक कामाखाली तुमची खरी भूमिका लिहा. प्रॉप्स, म्हणजे सेटवरच्या वस्तू, सांभाळले असतील तर तसंच लिहा. या धंद्यात सगळे एकमेकांना ओळखतात आणि फोन करून विचारतातही.