अपघाती मृत्यूचा दावा: बडोद्यात वारस कसे सिद्ध करावेत

अपघातात घरातला माणूस गेला की ‘आधी सक्सेशन सर्टिफिकेट (कोर्टाचा वारस दाखला) काढा’ असं कोणीतरी सांगतं आणि कुटुंब दिवाणी कोर्टाच्या फेऱ्यांत अडकतं. भरपाईच्या दाव्याला ते लागत नाही. ते मृताच्या बँकेतल्या ठेवी, शेअर्स, उसनवारी यांसाठी असतं. मोटार वाहन कायद्याच्या कलम १६६ खाली मृताचे कायदेशीर प्रतिनिधी कोण, एवढं ट्रिब्युनलला, म्हणजे अपघाताच्या भरपाईचे दावे चालवणाऱ्या न्यायाधिकरणाला, पटवायचं असतं. साधे कागद आणि शपथेवरची साक्ष त्याला पुरते. मुदत मात्र सांभाळा. २०१९ च्या दुरुस्तीने अपघातापासून सहा महिन्यांची मुदत घातली आहे. एखादा कागद हातात नाही म्हणून दावा अडवून ठेवू नका, तो पुराव्याच्या टप्प्यावरही दाखल करता येतो.

मृत्यूचा दाखला राहत्या गावाचा नसतो, मृत्यू जिथे झाला तिथला असतो. करजणजवळ हायवेवर जागीच मृत्यू झाला तर नोंद तिथल्या हद्दीत. सयाजी हॉस्पिटलात उपचार चालू असताना झाला तर बडोदा महानगरपालिकेत. नोंदीची मुदत २१ दिवस. दाखला, पीएम (शवविच्छेदन) रिपोर्ट, इन्क्वेस्ट पंचनामा (पोलिसांनी केलेला मृतदेहाचा पंचनामा) आणि एफआयआर या चारही कागदांत नाव आणि वय एकच आहे का, ते घेतानाच वाचून पाहा.

पुढचा कागद पेढीनामा, म्हणजे कुटुंबातले वारस दाखवणारी वंशावळ. राहत्या ठिकाणच्या तलाठ्याकडे अर्ज, प्रतिज्ञापत्र, सर्व वारसांची ओळखपत्रं आणि पंचांचे जबाब द्यावे लागतात. या वंशावळीत जे आधीच वारले आहेत, त्यांचेही मृत्यूचे दाखले लागतात. आजोबांचा दाखला सापडत नाही म्हणून काम रखडणं नेहमीचं. पेढीनामा हा पुरावा आहे, निकाल नव्हे. अपघातातल्या वाहनाची विमा कंपनी त्याला आव्हान देऊ शकते, म्हणून जोडीला रेशनकार्ड, मुलांचे जन्मदाखले आणि विवाहनोंदणी ठेवावी.

मराठी घरांत दावा खरा अडतो तो नावांवर. लग्नात मुलीचं नाव बदलतात: शाळेच्या दाखल्यावर वैशाली, आधारवर शुभांगी. पुरुषाचं नाव एका कागदावर प्रकाशराव, दुसऱ्यावर प्रकाशभाई. जाधवांचं गुजरातीत जादव होतं. ‘मृताची पत्नी ही नव्हेच’ हा प्रश्न उलटतपासणीत इथूनच निघतो. दोन्ही नावं एकाच व्यक्तीची असल्याचं प्रतिज्ञापत्र करा आणि सोबत दोन्ही नावं जोडणारा एखादा जुना कागद द्या: विवाहनोंदणी, किंवा माहेरचं नाव छापलेली लग्नपत्रिका. नुसतं प्रतिज्ञापत्र दुबळं पडतं.

सगळ्यांत महाग पडणारी चूक म्हणजे आईला वगळणं. ती पुण्याला धाकट्या मुलाकडे राहते, म्हणून तिचं नावच घालत नाहीत. हिंदू वारसा कायद्यात पत्नी-मुलांइतकीच आई पहिल्या वर्गाची वारस आहे. शिवाय हिशोब पाहा. मृत ३८ वर्षांचा, महिना २४,००० मिळवणारा. पत्नी आणि दोन मुलं धरली तर अवलंबित तीन. त्याच्या स्वतःच्या खर्चापोटी एक तृतीयांश वजा होऊन वर्षाचे १,९२,००० उरतात. आई धरली की चार होतात, वजावट एक चतुर्थांश, उरतात २,१६,०००. वर्षाच्या रकमेला वयानुसार ठरलेल्या गुणकाने गुणतात; या वयाचा गुणक १५. म्हणजे २८,८०,००० ऐवजी ३२,४०,०००, आणि भविष्यातली उत्पन्नवाढ यात अजून धरलेलीच नाही. फक्त आई मुलावर अवलंबून होती हे दाखवावं लागेल: त्याने पाठवलेल्या पैशांच्या बँकनोंदी, औषधांची बिलं.

वडील पहिल्या वर्गाचे वारस नाहीत, पण खरोखर मुलावर अवलंबून असतील तर त्यांनाही अर्जदार करा. मात्र ते अवलंबित्व सिद्ध करावं लागतं. लग्न झालेली मुलगीही प्रतिनिधी म्हणून दावा करू शकते. गुजरात एसटीच्याच एका खटल्यात सुप्रीम कोर्टाने १९८७ मध्ये मृताच्या भावांनाही हा हक्क मानला, आणि २०२१ मध्ये मृत जावयाच्या घरी राहणाऱ्या त्याच्या सासूला. पीएफचा नॉमिनी म्हणजे वारस नव्हे, त्या कागदावर विसंबू नका.

कोणी वारस रुसून सही देत नसेल तर त्याला वगळू नका, सामनेवाला (दाव्यातला विरुद्ध पक्ष) करा. कायद्याची तशी अटच आहे. लपवलेला वारस निकालानंतर उभा राहिला की वाटणी अडते, आणि पहिल्या बायकोची मुलं लपवली असतील तर अर्जदारांच्या बाकी साक्षीवरचाही विश्वास उडतो.

अज्ञान मुलांच्या वतीने आई अर्ज करते. त्यांचा हिस्सा साधारणपणे सज्ञान होईपर्यंत मुदतठेवीत राहतो. म्हणून जन्मदाखल्यावरची तारीख आणि शाळेतली तारीख आत्ताच जुळवा. दावा चालू असताना एखादा अर्जदारच वारला, तर ९० दिवसांत त्याचे वारस रेकॉर्डवर आणण्याचा अर्ज द्यावा लागतो. वृद्ध आईच्या बाबतीत हे विशेष लक्षात ठेवा, आणि तिचा जबाब शक्य तितक्या लवकर नोंदवून घ्या.