घटकेच्या घळीत उतरताना

कास पठार ओलांडलं की बामणोलीच्या उताराला ही घळ लागते. आतला एक तास म्हणजे बाहेरचे अडीच. आत ४० मिनिटं काढलीत की वर १०० गेलेली असतात, आणि एसटी वरच्या वेळेने सुटते. त्यामुळे ४० च्या पुढे थांबू नका.

दोन चावीची घड्याळं तोंडाशी मिळवून घ्या. एक वरच्या जोडीदाराकडे ठेवा. मोबाइल नको: रेंज आली की तो गुपचूप वेळ दुरुस्त करतो. न्यायचाच असेल तर 'आपोआप वेळ' आधी बंद करा.

काठीच्या सावलीवरून वेळ ताडणारे इथे हमखास फसतात. सावली सर्वांत आखूड होते ती बाराला नव्हे, साडेबाराच्या आसपास. सातारा साधारण ७४ अंश पूर्व रेखांशावर, प्रमाणवेळ ८२.५ अंशांची, अंशाला ४ मिनिटं, झाली ३४. वर तारखेप्रमाणे पाव तास इकडेतिकडे. हा फरक घळीच्या नावावर मांडू नका.

खरी गोची दोराची. खालून झटकन दिलेले तीन हिसके वर संथ, लांबलेले पोचतात. नवख्याला वाटतं दोर कुठेतरी अडकलाय. वरच्याने उलट करायचं: प्रत्येक हिसका सावकाश, मध्ये पाच आकडे मोजून, नाहीतर खाली नुसती थरथर जाणवते. हाका मारण्यात अर्थ नाही. वर घोगरा घूं, खाली चिरका किचकिचाट.

पावसाळ्यात उतरूच नका, जांभ्यावर शेवाळ धरतं.