परीक्षेच्या गुणांना न्यायालयात आव्हान कसे द्यावे

निकाल मनासारखा लागला नाही की राग परीक्षकावर निघतो आणि ते साहजिकच आहे. पण उच्च न्यायालय दुसरा परीक्षक होऊन बसत नाही, हे आधीच पक्के समजून घ्यावे. ‘माझ्या उत्तराला ६ नव्हे, ८ गुण हवे होते’ ही तक्रार तिथे टिकत नाही. ‘माझे उत्तर तपासलेच नाही’ ही टिकू शकते.

म्हणून सुरुवात उत्तरपत्रिकेच्या छायाप्रतीपासून करावी. तिच्या अर्जाची विद्यापीठाच्या परिपत्रकातली मुदत मोजक्या दिवसांची असते. ती हुकलीच तर माहिती अधिकाराचा मार्ग आहे, कारण तपासलेली उत्तरपत्रिका पाहण्याचा आणि तिची प्रत घेण्याचा हक्क सर्वोच्च न्यायालयाने २०११ मध्ये आदित्य बंदोपाध्याय प्रकरणात मान्य केला. परीक्षकाचे नाव मात्र मिळत नाही, आणि उत्तरपत्रिका जतन करण्याची मुदत संपली तर प्रतही मिळत नाही.

प्रत आली की पेन्सिल घेऊन बसावे. आतल्या पानांवरचे गुण मुखपृष्ठावरच्या तक्त्यात जसेच्या तसे उतरले आहेत का, बेरीज जुळते का, पुरवण्या सगळ्या आहेत का, हे ओळीने पाहावे. समजा, प्रश्न ४ (ब) चे उत्तर पुरवणीच्या शेवटच्या पानावर आहे, तिथे लाल शाईचा ठिपकाही नाही आणि तक्त्यातला रकाना कोरा आहे: याचिका उभी राहते ती अशा पानावर. तपासणी संगणकावर झाली असेल तर पानांची अदलाबदल झालेली नाही ना, म्हणजे हस्ताक्षर आपलेच आहे ना, हेही पाहावे. हा सल्ला हास्यास्पद वाटेल. पण २०१७ मध्ये मुंबई विद्यापीठात ऑनलाइन तपासणीचा इतका गोंधळ झाला की निकाल रखडले आणि कुलगुरूंना पद गमवावे लागले.

त्यानंतर गुणपडताळणी (गुणांची नोंद आणि बेरीज पुन्हा पाहणे) आणि पुनर्मूल्यांकन (उत्तरे पुन्हा तपासणे) यांचे अर्ज करावेत. गुण कमीही होऊ शकतात का, हे नियमात आधी वाचावे. पुढे विद्यापीठ अनुदान आयोगाच्या २०२३ च्या विनियमांनुसार तक्रार निवारण समिती आणि तिच्यावर विद्यार्थ्यांच्या तक्रारी ऐकणारे लोकपाल आहेत. मात्र निकालावर परिणाम करणारी ठोस अनियमितता किंवा भेदभाव दाखवल्याशिवाय लोकपालही फेरतपासणीची मागणी ऐकत नाहीत.

एवढे करूनही दाद लागली नाही, तर संविधानाच्या अनुच्छेद २२६ खाली उच्च न्यायालयात रिट याचिका, म्हणजे विद्यापीठाला आदेश द्यावा अशी मागणी, करता येते. पुनर्मूल्यांकनाची तरतूद नियमात नसेल तर वाट अरुंद आहे. महाराष्ट्राच्या शिक्षण मंडळाचा पुनर्मूल्यांकन नाकारणारा नियम सर्वोच्च न्यायालयाने १९८४ मध्येच वैध ठरवला होता. पुढे २०१७ मध्ये रणविजय सिंह प्रकरणात न्यायालयाने म्हटले की, कोणताही तर्क न लढवता चूक उघड दिसत असेल, तरच आणि तेही अपवाद म्हणून हस्तक्षेप करावा. उत्तरसूचीबद्दल (परीक्षा संस्थेने ठरवलेल्या अचूक उत्तरांच्या यादीबद्दल) शंका उरली तर तिचा फायदा परीक्षा घेणाऱ्या संस्थेला द्यावा. त्यामुळे याचिकेत गुण वाढवून मागू नयेत. न तपासलेले उत्तर दुसऱ्या परीक्षकाकडून ठरावीक मुदतीत तपासून घेण्याचा आदेश मागावा. पुढच्या प्रवेशाची तारीख जवळ असेल तर अंतरिम (अंतिम निकाल लागेपर्यंतचा) दिलासाही त्याच याचिकेत मागावा आणि विद्यापीठाचा आवक शिक्का असलेली प्रत्येक अर्जाची प्रत तारखेच्या क्रमाने सोबत जोडावी, कारण उशीर का झाला, हा प्रश्न पहिल्याच सुनावणीत येतो.