गावाचा इतिहास लिहायचा तर आधी मळ्यात उतरा

शिमग्याला गावी आलेली पोरं हल्ली विचारतात, "बाई, आपल्या गावाचा इतिहास लिहायचाय, कुठून सुरुवात करू?" राजापूर तालुक्यात जिल्हा परिषदेच्या शाळेत माझी नोकरी झाली आणि निवृत्त झाल्यापासून मी आमच्या गावाची माहिती जमवते आहे. माझं उत्तर ठरलेलं आहे. ग्रामदेवतेची कथा शेवटी लिहा, जमिनीपासून सुरुवात करा. देवीची कथा सगळ्यांना पाठ आहे. कुणाच्या आजोबांनी कुणाचा मळा कसला, हे सांगणारी माणसं मात्र ऐंशीच्या पुढे गेली आहेत.

मे महिन्यात, पेरणीच्या आधी, एखाद्या जाणत्या माणसाला घेऊन शिवार फिरा. प्रत्येक तुकड्याचं नाव विचारा आणि कागदावर हातानेच नकाशा काढत जा. वायंगण कुठे, म्हणजे पावसाळी भात काढल्यावरही पाणी टिकून दुसरं पीक येतं ती जमीन कुठली. नाचणी-वरीची वरकस, म्हणजे डोंगरउताराची हलकी जमीन कुठे. रोपांसाठी पालापाचोळा जाळून जमीन भाजतात तो राब कुठे भाजत. नावात माणसं सापडतात. 'गुरवाची दळी' (दळी म्हणजे जमिनीचा तुकडा) म्हटलं की ती देवळाच्या चाकरीबद्दल दिलेली होती का, हे लगेच तिथेच विचारायचं. आज ती दुसऱ्याच कुणाच्या नावावर असेल, तर मधे काय घडलं हा तुमचा पहिला प्रश्न.

त्याचं उत्तर कागदात शोधा. आजचा सातबारा त्याला पुरत नाही. फेरफार नोंदवही, म्हणजे जमिनीचा हक्क कुणाकडून कुणाकडे गेला ते लिहिलेला गाव नमुना 6, मागे मागे वाचत जा. खोती गाव, म्हणजे सारा वसूल करणाऱ्या वतनदार खोताच्या ताब्यातलं गाव असेल तर तहसीलच्या अभिलेख कक्षात जुनं बोटखत मिळतं का ते पाहा. खोताच्या खालची कुळं, म्हणजे त्याची जमीन खंडाने कसणारी माणसं, त्यात सापडतात. आमच्याकडचे बहुतेक धागे दोन कायद्यांपाशी येऊन मिळतात. खोती 1949 च्या कायद्याने गेली. मग कूळकायद्याने 1 एप्रिल 1957 हा दिवस ठरवला आणि त्या दिवशी जो कूळ म्हणून कसत होता, तो जमिनीचा मालक मानला गेला. फेरफारात 'कलम 32-ग' दिसलं की थांबा, ती ओळ पूर्ण उतरवून घ्या: कुळाचं नाव, मालकाचं नाव, ठरलेली किंमत. आपल्या गावातल्या भांडणाला किनाऱ्यावरच्या मोठ्या लढ्याशेजारी ठेवून पाहा. अलिबागजवळ चरीच्या शेतकऱ्यांनी नारायण नागू पाटलांच्या पुढारपणाखाली खोतांविरुद्ध संप करून 1933 पासून 1939 पर्यंत जमिनी ओसाड ठेवल्या, आणि खोती रद्द करण्याचं विधेयक डॉ. आंबेडकरांनी 1937 मध्येच मुंबईच्या विधिमंडळात मांडलं होतं.

कागद घेऊन मग त्या त्या घरी जा. खळ्यावर भात कसं मोजलं जाई, अर्धेलीचा, म्हणजे निम्म्या पिकाचा वाटा खोताच्या घरी कुणी वाहून नेला, भातावेगळं काय द्यावं लागे, वेठीला कोण जाई, हे नेमकं विचारा. खोताच्या घरीही जा आणि त्यांची बाजू तितक्याच नीट उतरवा. पण पहिल्याच दिवशी सांगून टाका की चालू वादातली कुठलीही जमीन तुम्ही लिहिणार नाही. भाऊबंदकीची शंका आली की गावात पुढचं एकही दार उघडत नाही.

साल विचारू नका. "किती साली लग्न झालं?" या प्रश्नावर म्हातारी माणसं गप्प बसतात. खुंट्या वापरा: रामदास बोट बुडाली तो 1947 चा पावसाळा, कोयनेचा 11 डिसेंबर 1967 चा पहाटेचा भूकंप, 1982 चा गिरणी संप, 1998 ची कोकण रेल्वे. "भूकंपात माझा थोरला पाळण्यात होता, आम्ही त्याला तसाच उचलून अंगणात आलो," असं एक काकी म्हणाल्या आणि त्यांच्या लग्नाचं, घर शाकारल्याचं, पहिल्या गाईचं, सगळ्याचं साल दोन-तीन वर्षांच्या फरकाने हाती आलं.

त्या काकींचं नाव कुठल्याच फेरफारात नाही. आयुष्यभर लावणी त्यांनी केली, उताऱ्यावर नवरा, मग मुलगे. म्हणून बायकांकडे वेगळं जा, दुपारची भांडी आवरल्यावर, आणि शक्यतो बाईनेच जावं. माहेरचं नाव, माहेरचं गाव, लावणीची मजुरी पैशात मिळे की भातात, हे विचारा. आणि वाडी एकही सोडू नका. बौद्धवाडीतली माणसं कुठल्या विहिरीवर पाणी भरत, कुठल्या भरू दिलं जात नव्हतं, हे गावाच्या इतिहासात आलंच पाहिजे, ऐकायला जड गेलं तरी. खारवी, भंडारी, मुसलमान मोहल्ला, कुंभारवाडी, सगळीकडे बसा. एकाच वाडीत विचारून लिहिलेलं पुस्तक त्या वाडीचंच होतं.

शाळेचं जनरल रजिस्टर हा माझा सर्वांत आवडता कागद. मुख्याध्यापकांची परवानगी काढून जुनी पानं वाचा. 'शाळा सोडण्याचे कारण' या रकान्यात 'मुंबईस गेला' हे शब्द ओळीने खाली उतरत जातात, दहा-बारा वर्षांची पोरं. इथून तुम्हाला मुंबई गाठावी लागते. लालबाग-परळकडच्या गावकीच्या, म्हणजे गावच्या सामाईक खोलीत कोण कोण झोपत असे, पाळी कुठली, मनिऑर्डर कितीची, बोटीने येताना सोबत काय आणत, हे सांगणारे निवृत्त गिरणी कामगार अजून आहेत. ग्रामस्थ मंडळाच्या जुन्या जमाखर्चाच्या वह्या मागा. देवळाची कौलं आणि शाळेची खोली कुणाच्या वर्गणीतून झाली, ते त्यात रुपये-आण्यांत सापडतं.

बोलणं फोनवर रेकॉर्ड करा, पण विचारून. सुरुवातीलाच तारीख, वाडी, बोलणाऱ्याचं नाव आणि वय मोठ्याने म्हणा, नाहीतर वर्षभराने कुणाचा आवाज ते कळत नाही. दोघांनी दोन तऱ्हा सांगितल्या तर दोन्ही छापा, नावानिशी, त्यांची हरकत नसेल तर. हयात माणसांच्या जन्मतारखा आणि जाती रजिस्टरातून उचलून छापू नका.

कच्चा मजकूर गणपतीच्या आधी तयार ठेवा, चाकरमानी तेव्हा घरी असतात. वाडीवाडीत वाचून दाखवा. उजवीकडे रुंद समास सोडून छापलेल्या प्रती वाटा, दुरुस्त्या तिथेच पेनाने लिहून द्यायला सांगा आणि त्या परत गोळा करण्याचं काम प्रत्येक वाडीत एकेका मुलीवर सोपवा. पक्की प्रत झाली की एक शाळेत, एक ग्रंथालयात, एक मुंबईच्या मंडळात ठेवा, आणि मूळ रेकॉर्डिंगची एक प्रत बोलणाऱ्याच्या घरी द्या.