चेहरा भाजून न घेता अ‍ॅक्टिव्हज एकत्र कसे वापरायचे

मागच्या एप्रिलमध्ये माझी मामेबहीण सुट्टीला आमच्याकडे ठाण्याला आली होती. सकाळी तोंड धुऊन बाहेर आली आणि म्हणाली, "ताई, नुसतं पाणी लागलं तरी आग होतेय गं." खिडकीपाशी उजेडात नेऊन बघितलं तर नाकाच्या दोन्ही बाजूंना त्वचा लाल आणि ताणल्यासारखी चकाकत होती, गालावर बारीक पापुद्रे सुटलेले, आणि जबड्यावर, जिथे तिला आधी कधी पिंपल यायचे नाहीत तिथे, बारीक पुरळ. काय काय लावतेस विचारलं तर तिने पाऊचच उलटा केला. सॅलिसिलिकचा फेसवॉश, ग्लायकोलिकचा टोनर, व्हिटॅमिन सी, नायसिनामाइड, रात्री रेटिनॉल (व्हिटॅमिन ए चाच एक प्रकार) आणि रविवारी घरच्या घरी पील, म्हणजे त्वचेचा वरचा थर काढणारं अ‍ॅसिड. त्वचेत बदल घडवणाऱ्या अशा घटकांनाच अ‍ॅक्टिव्हज म्हणतात. बाटल्या एकेक घेतल्या तर सगळ्या चांगल्या होत्या, पण तीन आठवड्यांत सगळ्या एकदम सुरू केल्या होत्या. एक ना धड भाराभर चिंध्या.

तेव्हापासून मैत्रिणी, चुलत-मावस बहिणी सगळ्यांना हेच परत परत सांगतेय, म्हणून एकदा नीट लिहून काढते. सगळे विचारतात "यावर हे चालतं का, त्याच्यासोबत ते चालतं का", पण खरा प्रश्न हा आहे की तुमच्या चेहऱ्याला एका दिवसात एकूण सोसतं किती. आणि आपल्या गव्हाळ-सावळ्या त्वचेसाठी हा प्रश्न जास्त महत्त्वाचा आहे, कारण आपल्याकडे त्वचेचा दाह झाला की रंग बनवणाऱ्या पेशी जास्त मेलॅनिन तयार करतात, लाली जाते आणि मागे तपकिरी डाग उरतो, तो कधी कधी महिनोन् महिने राहतो. पिंपल गेल्यावर राहतो ना काळा डाग, तोच प्रकार. म्हणजे डाग घालवायला अ‍ॅसिड लावलं, त्याने चेहरा भाजला, की नवीन डाग तयार. त्यामुळे "थोडं जळजळलं म्हणजे काम करतंय" हे जे व्हिडिओत सांगतात ते कृपया मनावर घेऊ नका. हलकंसं चुणचुणून मिनिटभरात थांबलं तर ठीक, पण आग होत राहिली, चेहरा लाल राहिला, तर धुऊन टाका.

सुरुवात अ‍ॅक्टिव्हने करायचीच नाही. आधी दोन आठवडे फक्त तीन गोष्टी, सौम्य फेसवॉश, मॉइश्चरायझर आणि सनस्क्रीन. हे तीन नीट सोसले तर पुढे जायचं. सनस्क्रीन एसपीएफ ३० किंवा त्याच्या वरचं, आणि भरपूर, म्हणजे तर्जनी आणि मधलं बोट या दोन्हींवर मुळापासून टोकापर्यंत रेघ काढायची तेवढं चेहरा आणि मानेला लागतं, बहुतेक जण याच्या निम्मंसुद्धा लावत नाहीत. बाहेर उन्हात असाल तर दर दोन तासांनी परत. ज्यांना वांग आहे त्यांनी टिंटवालं, म्हणजे हलका रंग असलेलं, आयर्न ऑक्साइडचं सनस्क्रीन घ्या, कारण वांग नुसत्या अतिनील किरणांनी नाही तर डोळ्यांना दिसणाऱ्या उजेडानेही गडद होतो आणि साधं सनस्क्रीन तो उजेड फारसा अडवत नाही. सनस्क्रीन रोज जमणार नसेल तर ग्लायकोलिक-रेटिनॉलच्या वाटेला जाऊच नका असं मी स्पष्ट सांगते, कारण नुकसानच जास्त होईल.

आता अ‍ॅक्टिव्हजकडे. मी स्वयंपाकाच्या हिशोबाने दोन गट करते, तिखट आणि सौम्य. तिखटात ग्लायकोलिक, लॅक्टिक, मँडेलिक, सॅलिसिलिक ही अ‍ॅसिड्स, रेटिनॉल आणि त्याचे थोरले भाऊ ट्रेटिनॉइन, अडॅपलीन, मग बेन्झॉइल पेरॉक्साइड, आणि एल-अ‍ॅस्कॉर्बिक अ‍ॅसिड असलेलं व्हिटॅमिन सी. सौम्यात नायसिनामाइड, हायल्युरॉनिक अ‍ॅसिड, सेरामाइड, पँथेनॉल. हायल्युरॉनिकच्या नावात अ‍ॅसिड असलं तरी ते साल काढत नाही, फक्त पाणी धरून ठेवतं. अ‍ॅझेलेइक अ‍ॅसिड मधलं, सुरुवातीला खाजतं पण बऱ्याच जणांना सोसतं. नियम एकच, एका वेळी एकच तिखट, सोबत सौम्य कितीही. आणि फेसवॉशमधलं सॅलिसिलिकही मोजायचं बरं का, माझ्या बहिणीने ते मोजलंच नव्हतं.

व्हिटॅमिन सी सकाळी, कारण सनस्क्रीनच्या खाली ते चांगली साथ देतं. १० ते २० टक्के पुरतं, २० च्या वर गेल्याने फायदा वाढत नाही, जळजळ वाढते. ते त्वचेत शिरायला पीएच (आंबटपणाचं माप, जितका कमी तितकं जास्त आंबट) ३.५ च्या खाली लागतो म्हणून चुणचुणतं. हवा, उजेड, उष्णता या तिन्हींनी ते खराब होतं, नवीन बाटलीत पाण्यासारखं किंवा अगदी फिकट पिवळं दिसतं, मग केशरी होतं, आणि कोऱ्या चहासारखं तपकिरी झालं की टाकून द्या, महाग होतं म्हणून संपवत बसू नका. मे महिन्यात बाथरूमच्या खिडकीत ठेवलेली बाटली फार टिकत नाही, फ्रिजच्या दारात ठेवा. नायसिनामाइडसोबत व्हिटॅमिन सी चालत नाही ही जुनी समजूत आहे, ज्या जुन्या प्रयोगांवरून ती पसरली त्यात शुद्ध घटक बराच वेळ तापवले होते, आपण चेहऱ्यावर तसं काही करत नाही. दोन्ही लावू शकता, आणि लाली येत असेल तर एक सकाळी एक रात्री. नायसिनामाइड ४-५ टक्के पुरेसं आहे, १० टक्क्यांनी काही जणांचा चेहरा उगाच लाल होतो.

रेटिनॉल रात्रीच. त्वचेत गेल्यावर ते आधी रेटिनाल्डिहाइड होतं आणि मग रेटिनोइक अ‍ॅसिड, काम करतं ते हे शेवटचं. ट्रेटिनॉइन म्हणजे थेट रेटिनोइक अ‍ॅसिडच, म्हणून ते इतकं जोरदार आणि म्हणून डॉक्टरांच्या चिठ्ठीवरच घ्यायचं, मैत्रिणीची ट्यूब उसनी घेऊन नाही. पहिल्यांदा रेटिनॉल घेताना ०.२ किंवा ०.३ टक्के, आठवड्यातून दोनच रात्री. चेहरा धुतल्यावर पूर्ण कोरडा होऊ द्या, ओल्या त्वचेत ते जास्त शिरतं आणि जास्त टोचतं. मग नाकपुड्यांच्या खाचेत, ओठांच्या कोपऱ्यांना आणि डोळ्यांच्या कडांना थोडं व्हॅसलीन, कारण पहिलं साल तिथूनच निघतं. मटारच्या एका दाण्याएवढं रेटिनॉल पूर्ण चेहऱ्याला पुरतं, कपाळ, दोन गाल, नाक, हनुवटी असे पाच ठिपके द्यायचे आणि हलक्या हाताने पसरवायचं. ज्यांची त्वचा नाजूक त्यांनी आधी मॉइश्चरायझर, मग रेटिनॉल, वर परत मॉइश्चरायझर. थोडं कमी जोरात काम करतं, पण सोडून देण्यापेक्षा हे शंभर पट बरं. फरक दिसायला १२ आठवडे धरा. पहिल्या महिना-दीड महिन्यात पिंपल वाढू शकतात, पण ते नेहमीच्या जागीच येतात. नवीनच जागी पुरळ, सोबत खाज आणि आग असेल तर ते "आतली घाण बाहेर येतेय" वगैरे काही नाही, त्वचा नाही म्हणतेय.

अ‍ॅसिडमध्ये सॅलिसिलिक तेलात विरघळतं म्हणून छिद्रात शिरतं, ब्लॅकहेड्स आणि तेलकट नाक-कपाळासाठी ते, २ टक्क्यांपर्यंत. ग्लायकोलिकचा रेणू सगळ्यात लहान, पटकन आत जातो आणि पटकन भाजतो. मला स्वतःला त्याने वरच्या ओठावर मिशीसारखा डाग दिला होता, जायला सहा महिने लागले, म्हणून मी पहिल्यांदा वापरणाऱ्यांना लॅक्टिक किंवा मँडेलिक सुचवते, त्यांचे रेणू मोठे, हळू जातात. आठवड्यातून एकदा, फार तर दोनदा. आणि अ‍ॅसिडच्या रात्री रेटिनॉल नाही, अक्रोडाचा स्क्रब नाही, लिंबू-बेसन तर नाहीच. लिंबाचा रसही अ‍ॅसिडच आहे, फक्त न मोजलेलं, आणि तो लावून उन्हात गेलं तर फोड येऊन काळे चट्टे पडतात.

बेन्झॉइल पेरॉक्साइड पिंपलसाठी छान, २.५ टक्क्यांनी बऱ्याच जणांचं भागतं. पण ते आणि ट्रेटिनॉइन एकावर एक लावू नका, पेरॉक्साइडने ट्रेटिनॉइनचं विघटन होतं, उजेडात तर जास्तच, म्हणून एक सकाळी एक रात्री. अडॅपलीनला तो त्रास नाही, दोन्ही एकत्र असलेली जेल डॉक्टर देतातच. एक मात्र आहे, पेरॉक्साइड कपड्यांचा रंग उडवतं, आमच्याकडे निळ्या अभ्र्यांवर पांढरे ढग उठलेत, तेव्हा पांढरा टॉवेल आणि पांढरी उशी वापरा.

आता आठवडा कसा लावायचा. समजा सोमवारी रात्री रेटिनॉल लावलं, तर मंगळवार-बुधवार रात्री फक्त मॉइश्चरायझर. गुरुवारी अ‍ॅसिड, शुक्रवार आराम, शनिवारी परत रेटिनॉल, रविवार आराम. सकाळी व्हिटॅमिन सी किंवा नायसिनामाइड आणि सनस्क्रीन. पण हे पहिल्या आठवड्यापासून नाही हं. आधी एकच तिखट, महिनाभर, मग दुसरं. नाहीतर बिघडलं तर कशाने बिघडलं ते कळणारच नाही. प्रत्येक नवीन बाटली आधी आठवडाभर कोपराच्या आतल्या बाजूला किंवा जबड्याखाली एका रुपयाएवढ्या जागेत लावून बघा, आणि बाटलीवर मार्करने सुरू केल्याची तारीख लिहा.

पार्लरला जाणार असाल तर आठवडाभर आधी रेटिनॉल आणि अ‍ॅसिड बंद. थ्रेडिंगला कमी, पण वॅक्सला हमखास वरच्या ओठाची साल निघून येते, आणि ब्लीचने आग होते. घरात लग्न असेल तर शेवटचे तीन-चार आठवडे काहीही नवीन चालू करू नका, या लगीनघाईत किती जणींचे चेहरे हळदीच्या दिवशी सोललेले बघितलेत मी.

एका गोष्टीबद्दल मला मनापासून कळकळ आहे, ती म्हणजे मेडिकलमध्ये मिळणारी "गोरं करणारी" ट्यूब. मागच्या बाजूला हायड्रोक्विनोन, ट्रेटिनॉइन आणि मोमेटासोन अशी तीन नावं असतात. वांगासाठी डॉक्टर ती मोजके दिवस देतात, पण लोक वर्षानुवर्षं फेस क्रीम म्हणून लावतात. मोमेटासोन हे स्टिरॉइड आहे, पहिले काही आठवडे चेहरा उजळ दिसतो, मग त्वचा पातळ होते, लाल शिरा दिसायला लागतात, पुरळ येतं, गालावर लव वाढते, आणि बंद केलं की चेहरा पेटतो म्हणून परत तीच लावली जाते. २०१८ मध्ये सरकारने अशी बरीच स्टिरॉइड मलमं चिठ्ठीशिवाय विकता येणार नाहीत असं केलं, तरी आमच्या इथल्या एका दुकानात मला विचारलंही नाही, सरळ हातात दिली. ट्यूबवर मोमेटासोन, बीटामेथासोन, क्लोबेटासोल यातलं काही वाचलं तर चेहऱ्याला लावू नका, आणि आधीच खूप दिवस लावत असाल तर एकदम बंद न करता स्किनच्या डॉक्टरांना दाखवा, ते हळूहळू उतरवतात.

गरोदर असाल किंवा बाळाचा विचार चालू असेल तर रेटिनॉल, ट्रेटिनॉइन, अडॅपलीन सगळं बंद. अ‍ॅझेलेइक, व्हिटॅमिन सी, नायसिनामाइड साधारणपणे चालतात, तरी तुमच्या डॉक्टरांना एकदा विचारा.

आणि चेहरा आधीच भाजला असेल तर? सगळं थांबवा, फेसवॉशसुद्धा दिवसातून एकदाच, सकाळी नुसतं साधं पाणी, गरम अजिबात नाही. सेरामाइडवालं बिनवासाचं मॉइश्चरायझर दिवसातून तीन-चार वेळा, रात्री सोललेल्या जागांवर व्हॅसलीनचा पातळ थर, आणि सनस्क्रीन झिंक ऑक्साइडचं, ते कमी झोंबतं. कोरफडीचा ताजा गर, हळद, गुलाबपाणी आत्ता नको, आई-आजी प्रेमाने सांगतील तरी. पाणी सुटत असेल, फोड आले असतील किंवा डोळ्यांभोवती सूज असेल तर त्याच दिवशी डॉक्टर.

माझ्या बहिणीची आग पाच-सहा दिवसांत थांबली, पापुद्रे जायला तीन आठवडे लागले, आणि जबड्यावरचे डाग फिकट व्हायला दिवाळी उजाडली. आता ती सकाळी नायसिनामाइड आणि सनस्क्रीन लावते, आठवड्यातून दोन रात्री रेटिनॉल, बाकीच्या रात्री नुसतं मॉइश्चरायझर. ग्लायकोलिकची बाटली तिने तळपायांच्या भेगांभोवतीच्या जाड कातडीला वापरून संपवली, तिथे ती फार छान चालते.